टिये राणी: नाव एका थडग्यात, देह दुसऱ्याच

तळहातावर मावेल एवढा एक दगडी शेणकिडा, वर निळी-हिरवी झिलई, आणि उलटा केला की सपाट पोटावर बारीक चित्रलिपीत ओळी कोरलेल्या. आधी राजाची सगळी लांबलचक नावं, मग एका बाईचं नाव, आणि त्याच्यामागे साधारण असं, की तिच्या वडिलांचं नाव युया, आईचं नाव थुया, आणि ती ज्या राजाची बायको आहे त्याचं राज्य दक्षिणेला कारोयपासून उत्तरेला नहारीनपर्यंत पसरलंय. म्हणजे आजच्या सुदानपासून सीरियापर्यंत. ही बाई म्हणजे टिये, इजिप्तचा राजा तिसरा अमेनहोतेप याची पट्टराणी, आणि हे किडे म्हणजे एका अर्थाने त्या दोघांची छापील पत्रिकाच, कारण असे एक-दोन नाही, पन्नासहून जास्त सापडलेत, राज्यभर वाटलेले.

या मजकुरात मला सगळ्यात जास्त थांबवतं ते तिच्या आईवडिलांचं नाव. इजिप्तच्या राजाला आपल्या दगडावर सासऱ्याचं नाव कोरायची काही गरज नसते. त्यातून हे सासूसासरे राजघराण्यातले नव्हतेच. युया हा अखमीम गावचा, घोड्यांच्या खात्यावरचा मोठा अधिकारी, आणि थुया देवळातल्या गाणाऱ्या-नाचणाऱ्या बायकांची प्रमुख. घर वजनदार होतं, पण रक्त राजाचं नव्हतं. तरी ही माहेरची दोन नावं तिच्या नावाला चिकटून राहिली, आणि जवळजवळ ३४०० वर्षांनी या राणीची ओळख पटली ती याच दोन नावांमुळे. ते कसं ते सांगण्यासाठीच हे सगळं लिहितोय, पण त्याआधी ती जगली कशी ते बघू.

तिसरा अमेनहोतेप साधारण इ.स.पू. १३९० च्या आसपास लहान वयातच गादीवर आला, आणि राज्याच्या दुसऱ्या वर्षापर्यंत टिये त्याची राणी झालेली होती, म्हणजे तीही पोरच असणार. राज्य ३८ वर्षं चाललं. मोठी लढाई जवळपास नाही, दक्षिणेच्या न्युबियातून सोनं येतंय, शेजारचे राजे नातं जोडायला धडपडतायत, असा तो काळ. राजाच्या बायका अर्थातच अनेक होत्या. दहाव्या वर्षी मितान्नीच्या (आजच्या सीरियाच्या उत्तरेकडचं राज्य) राजाची मुलगी गिलुखेपा लग्न होऊन आली ती ३१७ बायकांचा लवाजमा घेऊन, आणि राजाने त्याचेही किडे काढले. पण गंमत बघा, त्या किड्यावरसुद्धा पट्टराणी म्हणून नाव टियेचंच आहे, आईवडिलांसकट! परदेशची राजकन्या आली तरी पहिल्या पाटावर कोण बसतं हे लिहूनच ठेवलं होतं.

पट्टराणी म्हणजे नक्की काय, तर इजिप्तमध्ये राजा हा देवाचा अंश मानला जायचा आणि पट्टराणी ही त्या देवपणाची दुसरी बाजू. पूजाविधीत, उत्सवात, पुन्हा जन्म घेण्याच्या सगळ्या कल्पनेत तिच्याशिवाय राजा अर्धा. ही कल्पना आधीपासून होतीच, पण टियेच्या बाबतीत ती खूप पुढे गेली. कैरोच्या तहरीर चौकातल्या जुन्या म्युझियममध्ये राजाराणीचा एक जोडपुतळा आहे, सुमारे सात मीटर उंच, आणि त्यात दोघं शेजारी शेजारी बसलेत, उंचीला जवळपास सारखे. आधीच्या कितीतरी पुतळ्यांत राणी राजाच्या गुडघ्याएवढी असते, म्हणून हा पुतळा महत्त्वाचा. खेरुएफ नावाच्या अधिकाऱ्याच्या थडग्यात तिच्या सिंहासनाचं चित्र आहे, त्यात ती स्वतः सिंहाच्या अंगाची होऊन शत्रूंना तुडवतेय. हे रूप मुळात राजाचं. आणि सुदानमध्ये सेदेइंगा इथे राजाने तिच्यासाठी चक्क देऊळ बांधलं, तिथे ती हाथोर देवीच्या रूपात. अबू सिंबेलला दुसऱ्या रामसेसने नेफरतारीसाठी देऊळ बांधलं ते सगळ्यांना माहीत असतं, फोटो बघितलेले असतात, पण तो मार्ग शंभरेक वर्षं आधी टियेच्या देवळाने घालून दिला होता.

तलावाचीही एक गोष्ट आहे. अकराव्या वर्षी राजाने हुकूम काढला की राणीच्या जारुखा या गावी तिच्यासाठी तलाव करा, लांबी ३७०० हात. इजिप्तचा राजहात साधारण ५२ सेंटीमीटरचा, म्हणजे जवळपास दोन किलोमीटर लांब. आणि पंधराव्या दिवसापर्यंत काम उरकून सोळाव्या दिवशी राजा त्यात नावेतून फिरला पण. आता एवढं पंधरा दिवसात खणून होणार नाही असं कुणीही म्हणेल, तर त्यावर काही अभ्यासकांचं म्हणणं असं की तो खणलेला तलाव नसून बांध घालून नाईलच्या पुराचं पाणी अडवलेलं क्षेत्र असावं, म्हणजे पाणी उतरल्यावर तिथे गाळाची उत्तम शेती. मला हे जास्त पटतं, कारण त्याने ही राणीला दिलेली नुसती हौसेची भेट न राहता जमीनजुमल्याची, उत्पन्नाची सोय होते.

आता तिचं डोकं कसं चालायचं ते बघायचं तर अमार्नाची पत्रं वाचावी लागतात. १८८७ मध्ये अमार्नाला मातीच्या भाजलेल्या-वाळलेल्या विटकुरांवर लिहिलेला राजांचा पत्रव्यवहार सापडला, भाषा अक्कादी, लिपी खिळ्यांसारखी. त्यात मितान्नीचा राजा तुश्रत्त याचं एक पत्र थेट टियेला आहे. (हा तुश्रत्त आपल्यासाठी जरा जवळचा, कारण मितान्नीच्या राजांची नावं संस्कृतच्या जवळच्या भाषेतली आहेत, त्याच्या नावाचा संबंध ‘त्वेषरथ’ याच्याशी लावतात, आणि त्या राज्याच्या एका तहात मित्र, वरुण, इंद्र, नासत्य या देवांची साक्ष काढलेली आहे.) तर अमेनहोतेप गेलाय, मुलगा गादीवर आलाय, आणि तुश्रत्तची तक्रार अशी की तुझ्या नवऱ्याने मला भरीव सोन्याचे पुतळे कबूल केले होते आणि तुझ्या मुलाने लाकडावर सोन्याचा पत्रा चढवून पाठवलेत. आमच्यात काय बोलणं झालं होतं ते तुला सगळं माहितीये, दुसऱ्या कुणाला नाही, असं तो तिला लिहितो, आणि मुलाला लिहिलेल्या पत्रातही तेच, की आईला विचार. विचार करा, एका परक्या राजाला खात्री आहे की त्या दरबारातल्या जुन्या व्यवहाराची जिवंत फाईल म्हणजे ही विधवा राणी.

तो मुलगा म्हणजे चौथा अमेनहोतेप, ज्याने पुढे अखेनातेन नाव घेतलं, बाकीचे देव बाजूला सारून सूर्याच्या तबकडीची, आतेनची पूजा लावली आणि वाळवंटाच्या कडेला अमार्नाची नवी राजधानी वसवली. टिये तिथे गेली होती. तिचा कारभारी हुया याच्या थडग्यात भिंतीवर जेवणाची चित्रं आहेत, एका बाजूला अखेनातेन आणि नेफरतिती हातात मांसाचे मोठे तुकडे घेऊन चक्क चावून खातायत आणि समोर सासूबाई बसल्यात. दुसऱ्या चित्रात मुलगा आईचा हात धरून तिला तिच्यासाठी बांधलेल्या देवळात नेतोय. अखेनातेनच्या बाराव्या वर्षानंतर तिचा उल्लेख विरत जातो, त्याच सुमाराला ती गेली असणार.

आता पुरणं. इथे थोडं थांबून समजून घेऊ, कारण पुढचा सगळा गुंता यावर उभा आहे.

इजिप्तच्या माणसाला मेल्यानंतर पुढे जगायचं तर देह टिकला पाहिजे आणि नाव टिकलं पाहिजे. दोन्ही. देह टिकवायची पद्धत आपण ऐकलेली असते, आतडी, यकृत, फुफ्फुसं, जठर काढून चार वेगळ्या भांड्यांत ठेवायचे, काळीज मात्र आतच, कारण विचार तिथे असतो असा समज, मग नॅट्रॉन नावाच्या नैसर्गिक क्षारात देह झाकून पाणी शोषून काढायचं, तेलं, राळ, आणि शेवटी तागाच्या पट्ट्या. विधींसकट हे ७० दिवस चालायचं. खरं तर लोणचं-वाळवण करताना जे तत्त्व तेच इथे, पाणी काढलं की सडणं थांबतं. पण नावाचं महत्त्व आपल्याकडे फारसं सांगितलं जात नाही. शवपेटीवर, भांड्यांवर, उशब्तींवर (म्हणजे परलोकात आपल्या वाट्याचं शेतीकाम करायला सोबत दिलेल्या छोट्या बाहुल्या) सगळीकडे नाव का लिहायचं, तर ते नाव हा त्या माणसाचाच एक भाग. नाव खोडलं की माणूस दुसऱ्यांदा मारला. आणि टियेच्या बाबतीत काळाने नेमकं हेच केलं, देह आणि नाव यांची ताटातूट.

तिचा मुळात विचार नवऱ्याच्या थडग्यात राहायचा असणार, कारण राजांच्या दरीच्या (लक्झरजवळची, राजांची थडगी असलेली दरी) पश्चिमेकडच्या फाट्यात अमेनहोतेपचं जे मोठं थडगं आहे तिथे खास राणीसाठी खोली काढलेली दिसते आणि तिच्या नावाच्या उशब्तींचे तुकडे तिथे मिळालेत. पण ती गेली मुलाच्या राज्यात, आणि मुलाची राजधानी अमार्ना. तिथल्या राजथडग्यात तिच्या शवपेटीचे फुटके तुकडे मिळालेत, म्हणजे पहिल्यांदा तिला पुरलं अमार्नालाच, बहुधा. मग अखेनातेन गेला, जुने देव परत आले, राजधानी ओस पडली, आणि नंतरचा राजा तुतनखामेन याच्या काळात तिथले मृतदेह दक्षिणेला थीब्जला, म्हणजे आजच्या लक्झरला हलवले गेले.

१९०७ च्या जानेवारीत थिओडोर डेव्हिस या श्रीमंत अमेरिकन माणसाच्या पैशावर चाललेल्या खोदकामात एडवर्ड आयर्टनला राजांच्या दरीत एक छोटं, अर्धवट थडगं मिळालं, आज त्याला केव्ही ५५ म्हणतात (केव्ही म्हणजे किंग्ज व्हॅली, राजांची दरी). आत शिरतानाच वाटेत सोन्याचा पत्रा चढवलेली मोठी लाकडी फळी आडवी पडलेली. ती होती टियेच्या शवपेटीभोवती उभ्या करायच्या देव्हाऱ्याची, मुलाने आईसाठी करवलेल्या. त्यावर दोघं आतेनची पूजा करतायत, पण मुलाची आकृती आणि नाव छिन्नीने उडवलेलं, आईचं तसंच ठेवलेलं. पाण्याने लाकूड इतकं कुजलेलं की हवा लागल्यावर सोनं पापुद्र्यांसारखं गळायला लागलं. आतल्या पेटीत एक देह. डेव्हिसने ठरवूनच टाकलं की राणी टिये सापडली, तिच्या नावाने पुस्तकही काढलं १९१० ला. पण शरीररचनेचे तज्ज्ञ ग्राफ्टन इलियट स्मिथ यांनी हाडं तपासली आणि ती निघाली पुरुषाची! म्हणजे नाव होतं, देव्हारा होता, आणि राणी तिथे नव्हती. ती काही काळ तिथे असावी आणि मग तिला कुणीतरी बाहेर काढून नेलं असावं, असं बहुतेक मानतात.

आणि ती होती कुठे, तर याच दरीत, आणि तिला माणसांनी नऊ वर्षं आधीच बघितलं होतं.

१८९८ मध्ये व्हिक्टर लोरे या फ्रेंच अभ्यासकाने दुसऱ्या अमेनहोतेपचं थडगं उघडलं. त्यात त्याला त्या एका राजाशिवाय भलतीच गर्दी सापडली. कारण असं की इ.स.पू. १००० च्या आसपास राज्य खिळखिळं झालं होतं, थडग्यांची लूट चालू होती, तेव्हा पुजाऱ्यांनी जुन्या राजाराण्यांचे देह गोळा करून, पुन्हा गुंडाळून, नावं लिहून दोन-तीन ठिकाणी लपवले. (जाताजाता सोनं त्यांनीही काढून घेतलं, तिजोरी रिकामी होती.) त्या थडग्याच्या एका बाजूच्या खोलीत पेट्यांमधून राजे ठेवलेले, आणि त्यातला एक होता तिसरा अमेनहोतेप, टियेचा नवरा, नावासकट. दुसऱ्या एका खोलीत जमिनीवर तीन देह, पेटी नाही, नाव नाही, पट्ट्या चोरांनी फाडलेल्या. एक मुलगा, एक तरुण बाई, आणि एक वयाने मोठी बाई, जिचे लांब, लाटदार, तपकिरी केस अजून खांद्यावर पडलेले होते. डावा हात छातीवर दुमडलेला, मूठ मिटलेली. हा हात राणीसारखा. पण कोण राणी हे लिहिलेलं कुठेच नाही, म्हणून तिला म्हणायला लागले ‘थोरली बाई’, आणि कॅटलॉगमध्ये नंबर दिला ६१०७०.

म्हणजे नवरा एका खोलीत नाव घेऊन झोपलेला आणि बायको त्याच थडग्याच्या दुसऱ्या खोलीत बेवारशासारखी जमिनीवर, हे मला वाचताना प्रत्येक वेळी लागतं.

मग १९२२ ला तुतनखामेनचं थडगं मिळालं. सोन्याच्या मुखवट्यापुढे ज्याच्याकडे कुणाचं लक्ष जात नाही अशी एक वस्तू तिथे होती, एकात एक ठेवलेल्या छोट्या शवपेट्या, आणि सगळ्यात आतल्या, तळहातावर मावेल अशा पेटीत केसांची एक बट, पेटीवर नाव टिये. आजीचे केस नातवाने सोबत ठेवलेले. १९७० च्या दशकात जेम्स हॅरिस आणि त्यांच्या टीमने ही बट आणि थोरल्या बाईचे केस इलेक्ट्रॉनच्या झोताने तपासून दोन्हीतल्या मूलद्रव्यांची तुलना केली, शिवाय एक्स-रे वरून तिच्या कवटीची ठेवण थुयाच्या कवटीशी ताडून बघितली, आणि सांगितलं की ही टियेच. पण बऱ्याच जणांना ते पुरेसं वाटलं नाही, आणि तेही बरोबर होतं, दोन माणसांच्या केसातली मूलद्रव्यं सारखी निघू शकतात.

आता येतात युया आणि थुया. १९०५ मध्ये, केव्ही ५५ च्या दोन वर्षं आधी, जेम्स क्विबेलने याच डेव्हिससाठी खोदताना राजांच्या दरीत त्या दोघांचं थडगं काढलं होतं. जावयाने सासूसासऱ्यांना राजांच्या दरीत जागा दिलेली! चोर आत येऊन गेले होते पण थोडंफारच नेलं होतं, रथ, पलंग, खुर्च्या, पेट्या सगळं होतं, तुतनखामेन मिळेपर्यंत दरीतलं सगळ्यात शाबूत थडगं हेच. आणि दोघांचे देह असे की चेहरा बघून माणूस ओळखावा. मुख्य म्हणजे दोघांवर शंका नाही, नाव आणि देह एकत्र.

डीएनए तपासणीचं तत्त्व समजायला अवघड नाही. आपल्या डीएनएत काही ठिकाणी एकच छोटा तुकडा पुन्हा पुन्हा येतो, कुणात आठ वेळा, कुणात तेरा वेळा. अशा प्रत्येक ठिकाणी आपल्याकडे दोन आकडे असतात, एक आईकडून आलेला, एक वडिलांकडून. त्यामुळे एखादी बाई अमक्या जोडप्याची मुलगी असेल तर प्रत्येक ठिकाणचा तिचा एक आकडा त्या आईच्या जोडीत सापडलाच पाहिजे आणि दुसरा त्या बापाच्या. एका ठिकाणी जुळणं योगायोग असू शकतं, अनेक ठिकाणी जुळायला लागलं की योगायोग म्हणणं कठीण होत जातं. २०१० मध्ये जाही हवास यांच्या टीमने अशी आठ ठिकाणं तपासून निकाल छापला. थोरली बाई ही युया-थुयाची मुलगी. केव्ही ५५ मधला पुरुष हा तिचा आणि तिसऱ्या अमेनहोतेपचा मुलगा, आणि तुतनखामेनचा बाप. म्हणजे ज्या देहाला डेव्हिस टिये म्हणत होता तो टियेचा मुलगा निघाला, बहुतेकांच्या मते अखेनातेन, काही जण दुसरं नाव सुचवतात. आणि थोरल्या बाईशेजारी जमिनीवर पडलेली ती तरुण बाई या पुरुषाची सख्खी बहीण आणि तुतनखामेनची आई, म्हणजे टियेचीच लेक. आई आणि मुलगी शेजारी पडून होत्या आणि १८९८ पासून कुणाला पत्ता नव्हता.

या निकालावर टीकाही झाली, इतक्या जुन्या आणि इतक्यांनी हाताळलेल्या देहातला डीएनए शुद्ध कसा मानायचा वगैरे, आणि तो आक्षेप हलका नाही. पण मला यात भरवसा वाटतो तो वेगवेगळ्या वाटा एकाच ठिकाणी येतात म्हणून, हाताची ठेवण राणीची, केसांची बट, कवटी आईसारखी, आणि शेवटी आईबापाचे आकडे. माहेरची दोन नावं ज्या राजाने दगडावर कोरून वाटली, त्याला आपण काय सोय करून ठेवतोय याची कल्पना असणं शक्य नव्हतं.

३ एप्रिल २०२१ च्या संध्याकाळी कैरोत २२ राजाराण्यांचे देह तहरीरच्या जुन्या म्युझियममधून फुस्तातच्या नव्या म्युझियममध्ये मिरवणुकीने नेले, १८ राजे आणि ४ राण्या, प्रत्येकाला स्वतंत्र सजवलेली गाडी, आत धक्के बसू नयेत म्हणून खास व्यवस्था, रस्त्याला रोषणाई, ढोल, घोडे, टीव्हीवर लाईव्ह. त्या चार राण्यांमध्ये टिये होती. नवराही त्याच मिरवणुकीत होता. आणि तिच्या गाडीवर, इतर सगळ्यांच्या गाड्यांवर होतं तसंच, तिचं नाव लिहिलेलं होतं.